आपबितीवरची छोटी फिल्म करताय? या चुका टाळा

ऊसतोड कामगार बाईची आपबिती घ्यायची, तर आधी वेळ बघा. ऊसतोडीचा हंगाम ऑक्टोबर-नोव्हेंबरात सुरू होतो. फडात पहाटेपासून मोळ्या बांधणाऱ्या बाईला मुलाखतीला बसवलं, की तिची मजुरी बुडते. ती उन्हाळ्यात बीडला गावी परतली की जा. पहिल्या भेटीत कॅमेरा पिशवीतच राहू द्या.

फिल्म खरी फसते ती प्रश्नात. ‘मुकादमानं (मजुरांची टोळी नेणाऱ्या कंत्राटदारानं) त्रास दिला ना?’ विचारलं की ‘हो’ येतं, आणि एडिटला बसल्यावर हातात नुसते ‘हो’ उरतात. माझ्याकडे एकदा असे अकरा निघाले! ‘उचल (हंगामाआधीची आगाऊ रक्कम) घेतली त्या दिवशी काय काय झालं?’ असं विचारा आणि गप्प बसा. बोलणं संपलंसं वाटलं तरी कॅमेरा चालू ठेवा.

साल मात्र विचारू नका. ‘धाकटा रांगत होता तवा पिशवी (म्हणजे गर्भाशय) काढली,’ असं ती सांगते, तिचं कॅलेंडर तेच. बीडमधल्या गर्भाशयाच्या शस्त्रक्रियांचा विषय 2019 मध्ये गाजला, सरकारनं चौकशी समितीही नेमली. त्यामुळे अशा फिल्मवर शंका घेणारे तयारच असतात. डिस्चार्ज कार्ड पाहून तारीख पडद्यावर पाटीनं द्या. तिचं वाक्य आहे तसंच ठेवा.

आवाजात खरखर येत असेल तर कॉलर माइक पदराखाली गेलाय का बघा. निघण्यापूर्वी खोलीची नुसती शांतता तीस सेकंद रेकॉर्ड करा, एडिटमधले आवाजाचे जोड झाकायला लागते. ट्यूबलाइटखाली चित्र लुकलुकतंय? आपली वीज 50 हर्ट्झची, कॅमेऱ्याचा शटर स्पीड 1/50 सेकंदावर आणा.

चेहरा नंतर ब्लर करू, हा विचार सोडा. गावातला माणूस गोंदणावरून, दारातल्या गाडीच्या नंबरावरून ओळखतो. तिला पाठमोरी बसवा, नाहीतर फक्त हात घ्या. लैंगिक अत्याचाराच्या प्रकरणात पीडितेची ओळख उघड करणं भारतीय न्याय संहितेच्या कलम 72 खाली गुन्हा आहे, दोन वर्षांपर्यंत कैद होऊ शकते.

संमतीच्या कागदावर अंगठा घेतला म्हणजे झालं, असं नाही. ‘यूट्यूबवर टाकू’ म्हणण्यापेक्षा ‘तुमच्या जावयाच्या मोबाइलवरही दिसेल’ असं सांगा. रफ कट, म्हणजे फिल्मची पहिली कच्ची जोडणी, तिला घरी जाऊन दाखवा. एका बाईंनी तो पाहून दिराबद्दलचं एक वाक्य काढायला सांगितलं. फिल्ममधलं सगळ्यात चांगलं वाक्य तेच होतं. काढलं.