लढाई लांबली की घरचा ठेला कसा टिकवायचा

24 फेब्रुवारी 2022 ला रशियाने युक्रेनवर हल्ला केला आणि चटका बसला आमच्या नागपुरातल्या तर्री-पोह्याच्या ठेल्याला, कारण आपल्याकडचं सूर्यफूल तेल बहुतेक तिकडूनच यायचं, त्यात एप्रिलच्या शेवटी इंडोनेशियाने पाम तेलाची निर्यात थांबवली, ती मे मध्ये सुरू झाली पण तोवर आमची बचत संपली होती.

तर पहिले म्हणजे घरखर्च आणि गल्ला वेगळा ठेवा. रोज किती तेल गेलं ते मापून वहीत लिहा, हे काम आमच्याकडे आई करते.

तेल इतवारीच्या ठोक बाजारातून आठ-पंधरा दिवसांचंच घ्या, जास्त भरलं आणि भाव पडला की पैसा अडकतो, आणि लोकांच्या अडचणीवर साठा करून कमावणं मला पटतच नाही.

तर्रीत कंजुषी करू नका, गिऱ्हाईक तुटतं! त्यापेक्षा भजे, समोसे कमी करा, चना-पोहे वाढवा. जळकं तेल पुन्हा वापरू नका.

रेट एकदाच वाढवा, चार दिवस आधी पाटीवर लिहा. उधारी बंद, फक्त रोजच्या मजुरांना आम्ही अजूनही देतो.