1901चा मिशिगनचा स्कोअर कसा वाचावा

मी क्रिकेटच्या स्कोअरबुकांवर वाढलेला माणूस. अमेरिकन फुटबॉलचा जुना हंगाम हातात आला की आधी निकाल बघत नाही, साल बघतो. तुम्हीही तेच करा, कारण नियम सालागणिक बदलत गेलेत.

मिशिगन विद्यापीठाचा 1901चा हंगाम घ्या. प्रशिक्षक फील्डिंग योस्ट. 11 सामने, 11 विजय, एकूण गुण 550 विरुद्ध 0. एकट्या बफेलोला 128 गुण ठोकले. (मला तर बफेलोचीच कीव येते.)

आता गुणांची फोड करा. तेव्हा टचडाउन (चेंडू प्रतिस्पर्ध्याच्या गोलरेषेपार नेणं) 5 गुणांचं, त्यानंतरची किक 1 गुणाची आणि फील्ड गोलही (खेळ चालू असताना चेंडू लाथेने गोलखांबांमधून मारणं) 5 गुणांचा. 1 जानेवारी 1902ला पासाडेनात स्टॅनफर्डला 49-0 हरवलं, तो सामना असा मांडा: 8 टचडाउन म्हणजे 40, किकचे 4, एका फील्ड गोलचे 5. त्यातले 5 टचडाउन मिशिगनच्या नील स्नोचे. आजच्या हिशेबाने, म्हणजे टचडाउनला 6 आणि फील्ड गोलला 3 धरून, हेच 55 होतात. वेळ शिल्लक असतानाच स्टॅनफर्डने सामना सोडला, तेही टिपून ठेवा.

पासचे आकडे शोधत बसू नका. पुढे चेंडू फेकायला परवानगी 1906ला मिळाली. त्याआधी चेंडू आपल्याकडे ठेवायचा तर तीन प्रयत्नांत 5 यार्ड पुढे सरकायचं, सगळी रेटारेटी. 1905ला मैदानावरच्या मृत्यूंमुळे राष्ट्राध्यक्ष थिओडोर रूझवेल्टना कॉलेजांच्या प्रतिनिधींना व्हाइट हाउसमध्ये बोलवावं लागलं होतं.