ऊसतोडीला निघायच्या आधी: लेकरांच्या नावाचे सरकारी पैसे कसे मिळवायचे

घटस्थापना झाली की माझ्या अंगणवाडीच्या पायरीवर प्लास्टिकच्या पिशव्या यायला लागतात. कुणाची कापडदुकानाची, कुणाची खताची. आत घडी घालून घालून चिरलेलं रेशनकार्ड, आधारच्या झेरॉक्स, पासबुक, लसीचं कार्ड. दसरा झाला की मुकादमाची गाडी येणार, घरातला कोयता, म्हणजे ऊस तोडणारी नवरा-बायकोची जोडी, कारखान्यावर जाणार, आणि गुढीपाडव्यापर्यंत गावात म्हातारी माणसंच उरणार. त्या आठ-दहा दिवसांत सगळ्या जणी एकच विचारतात, "बाई, माझे पैसे का नाही आले?"

मी बीड जिल्ह्यात २२ वर्षं अंगणवाडी सेविका आहे. पात्र नाही म्हणून पैसे अडले, असं मी फार कमी वेळा पाहिलं. अडतात ते नाव जुळत नाही म्हणून, नाहीतर खातं भलतंच जोडलेलं असतं म्हणून. म्हणून योजनांच्या आधी या दोन गोष्टी सांगते. त्या नीट असतील तर पुढचं सगळं सोपं आहे.

आधी नाव. आमच्याकडे लग्नात मुलीचं नाव बदलतात. माहेरी सविता, सासरी रेणुका. आधारकार्ड माहेरी काढलेलं, रेशनकार्डावर सासऱ्यांनी नवं नाव घातलेलं, आणि बाळाच्या जन्मदाखल्यावर दवाखान्यात जे तोंडाला आलं ते. माणसाला कळतं की ही एकच बाई आहे. कॉम्प्युटरला तीन बाया दिसतात आणि तो फॉर्म परत पाठवतो. माझा सल्ला असा, की आधारवरचं नाव धरून बाकीचे कागद त्याच्याशी जुळवा. आधारवरचं नाव उभ्या आयुष्यात दोनदाच बदलता येतं, त्यामुळे तिथे घाई नको. रेशनकार्डावरचं नाव तहसीलच्या पुरवठा शाखेत अर्ज देऊन दुरुस्त होतं, पासबुकावरचं बँकेत. आडनाव आणि नवऱ्याचं नाव आधारवर लावायचं असेल तर विवाह नोंदणीचा दाखला लागतो. तो ग्रामपंचायतीत मिळतो. लग्नानंतर लगेच काढून ठेवलात तर पुढे साक्षीदार शोधत फिरावं लागत नाही.

बाळंतपणाला दवाखान्यात नाव सांगताना आधारची झेरॉक्स पुढे करा, तोंडी सांगू नका. जन्माची नोंद २१ दिवसांच्या आत मोफत होते. वर्ष उलटून गेलं तर वरच्या अधिकाऱ्याचा आदेश आणावा लागतो आणि मग चकरा सुरू होतात. कारखान्याच्या तळावर बाळ झालं तर नोंद तिथल्याच ग्रामपंचायतीत होते. "गावी गेल्यावर करू" म्हटलं की ती राहूनच जाते, कारण गावची ग्रामपंचायत तिच्या हद्दीत न झालेला जन्म लिहून घेत नाही.

आता खातं. हे जरा सावकाश वाचा, कारण सगळ्यात जास्त पैसे इथेच हरवतात. सरकारी मदत खाते क्रमांकावर नाही, बहुतेक वेळा आधार क्रमांकावर सोडली जाते. त्या आधारला शेवटी जे खातं डीबीटीसाठी, म्हणजे सरकारकडून थेट येणाऱ्या पैशांसाठी, जोडलं गेलं, तिथे ती जाते. दोन वर्षांपूर्वी वस्तीवरची एक सून माझ्याकडे रडत आली. मातृ वंदना योजनेचे (तिच्याबद्दल पुढे सांगते) ३,००० रुपये "जमा" दिसत होते, पासबुकात मात्र काही नाही. बँकेत तीन चकरा झाल्या होत्या, सासू म्हणत होती की हिनेच काढून माहेरी दिले. मी तिचा फोन हातात घेऊन आधारच्या वेबसाइटवर बँक सीडिंगची, म्हणजे आधारला पैशांसाठी कुठलं खातं जोडलंय त्याची, माहिती उघडली. तिथे तिसऱ्याच बँकेचं नाव. बराच वेळ विचारल्यावर तिला आठवलं, बाजारात नवं सिमकार्ड घेताना दुकानदाराने दोनदा अंगठा घेतला होता. एक सिमसाठी, एक खात्यासाठी. तिला कुणी सांगितलं नव्हतं. पैसे त्या खात्यात पडून होते आणि काढताही आले. पण महिनाभर त्या पोरीने घरात जे ऐकून घेतलं ते कुणी भरून देणार नाही.

म्हणून बँकेत "आधार लिंक आहे का?" एवढंच विचारू नका. लिंक असतंच, केवायसीसाठी, म्हणजे ओळख पटवायला, ते केलेलंच असतं. विचारायचं असं: "माझं आधार डीबीटीसाठी, एनपीसीआयला, याच खात्याशी सीडिंग करा." एनपीसीआय म्हणजे कुठल्या आधारला कुठली बँक जोडली याची नोंद ठेवणारी संस्था. सीडिंगचा वेगळा फॉर्म असतो, त्यावर सही करा आणि पोच घ्या. चार-पाच दिवसांनी माय आधारच्या साइटवर ओटीपी टाकून बघा, तिथे बँकेचं नाव आणि पुढे "अ‍ॅक्टिव्ह" दिसलं पाहिजे. ओटीपी आधारला जोडलेल्या नंबरवर येतो, तेव्हा तो नंबर चालू ठेवा. नवऱ्याचा नंबर दिला असेल आणि नवरा दुसऱ्या टोळीत असेल तर अडचण होते. आईने आपला स्वतःचा नंबर जोडावा. बँक लांब असेल तर पोस्टमनकडून पोस्ट पेमेंट्स बँकेचं खातं दारात उघडून मिळतं, तेही चालतं.

आता योजना. पहिली प्रधानमंत्री मातृ वंदना, १ जानेवारी २०१७ पासून चालू असलेली. बाळंतपणामुळे बाईची मजुरी बुडते, तिची थोडी भरपाई म्हणून हे पैसे आहेत. पहिल्या बाळासाठी ५,००० रुपये, दोन हप्त्यांत. गरोदरपणाची नोंद झाली आणि पाळी चुकल्याच्या सहा महिन्यांच्या आत निदान एक तपासणी झाली की ३,००० रुपये. जन्माची नोंद आणि साडेतीन महिन्यांपर्यंतच्या लसी झाल्या की २,००० रुपये. दुसरं बाळ मुलगी असेल तर ६,००० रुपये एकदम. दुसरं बाळ मुलगा असेल तर यात काही नाही. पोट पडलं किंवा बाळ मृत जन्मलं, तर पुढच्या खेपेला नव्याने अर्ज करता येतो. हे कुणी सांगत नाही, आणि ती आई स्वतःहून विचारायच्या मनःस्थितीत नसते. तिच्या जावेने, नणंदेने लक्षात ठेवावं.

यासाठी उत्पन्नाचा दाखला लागेलच असं नाही. अन्नसुरक्षेत नाव असलेलं रेशनकार्ड, ई-श्रम कार्ड, रोजगार हमीचं जॉबकार्ड, आयुष्मान कार्ड, अनुसूचित जाती किंवा जमातीचा दाखला, ४० टक्के किंवा जास्त अपंगत्वाचं प्रमाणपत्र, यातलं एक पुरतं. ऊसतोडीच्या जवळपास प्रत्येक घरात यातलं एक तरी असतंच. फॉर्म मी किंवा आशाताई ऑनलाइन भरतो. त्याचे पैसे लागत नाहीत. कुणी मागितले तर देऊ नका.

हप्ता अडतो तो दुसरा. बाई सातव्या महिन्यात गाडीत बसते, तळावर बाळंत होते, बाळाला लस तिथल्या उपकेंद्रात मिळते, आणि लसीचं कार्ड गावी सासूच्या पेटीत असतं. एका आईच्या बाबतीत तिथल्या नर्सताईंनी औषधाच्या खोक्याच्या पुठ्ठ्यावर तारखा लिहून दिल्या होत्या. तो पुठ्ठा तिने सहा महिने जपून आणला. पण त्यावर शिक्का नव्हता, बाळाचं नाव नव्हतं. मग मी फोन करून त्या उपकेंद्राकडून नोंदीची प्रत मागवली. यात तिचे २,००० रुपये पावसाळ्यापर्यंत लांबले. तेव्हापासून मी जाणाऱ्या प्रत्येकीच्या पिशवीत माता-बाल संरक्षण कार्ड आहे का ते स्वतः बघते. ते कार्ड कुठल्याही गावात चालतं. महाराष्ट्रात कुठल्याही सरकारी केंद्रात लस मिळते आणि ती त्याच कार्डावर लिहून, सही-शिक्का करून घ्यायची.

सरकारी दवाखान्यात बाळंतपण झालं तर जननी सुरक्षाचे ७०० रुपये वेगळे असतात. हे खेड्यातल्या दारिद्र्यरेषेखालील किंवा अनुसूचित जाती-जमातीच्या आईला. रक्कम लहान म्हणून बाया सोडून देतात. सोडू नका, दवाखान्यातून निघतानाच पासबुकाची झेरॉक्स द्या.

मुलगी झाली असेल तर राज्य सरकारची लेक लाडकी. १ एप्रिल २०२३ ला किंवा त्यानंतर जन्मलेल्या मुलींसाठी, पिवळं किंवा केशरी रेशनकार्ड आणि वर्षाचं उत्पन्न १ लाखाच्या आत. जन्मल्यावर ५,०००, पहिलीत ६,०००, सहावीत ७,०००, अकरावीत ८,००० आणि १८ पूर्ण झाल्यावर ७५,०००. सगळे मिळून १ लाख १ हजार. शेवटच्या हप्त्याला मुलगी अविवाहित असावी लागते. आमच्या भागात पोरींची लग्नं कोवळ्या वयात लागतात, कारण तळावर एकट्या मुलीला कुठे ठेवायचं हा प्रश्न आईबापाला खरंच असतो. तो प्रश्न ७५,००० रुपयांनी सुटत नाही, हे मला माहीत आहे. तरी एखाद्या बापाला "अजून तीन वर्षं थांबा" म्हणताना माझ्या हातात सांगायला काहीतरी असतं.

अट एक नीट ऐका. पहिल्या मुलीच्या तिसऱ्या हप्त्याला आणि दुसऱ्या मुलीच्या दुसऱ्या हप्त्याला कुटुंब नियोजनाच्या शस्त्रक्रियेचं प्रमाणपत्र जोडावं लागतं. शस्त्रक्रिया आईची किंवा वडिलांची, कुणाचीही चालते. पुरुषाची सोपी असते आणि लवकर बरी होते, तरी टाका बाईलाच पडतो. घरात याबद्दल बोला. प्रमाणपत्र ज्या दिवशी मिळेल त्या दिवशी मुलीच्या कागदांत ठेवा, कारण ते लागेल तेव्हा मुलगी पहिलीत किंवा सहावीत असेल आणि इतक्या वर्षांनी तो कागद कुठे शोधणार?

अर्ज अंगणवाडीतच द्यायचा. सोबत मुलीचा जन्मदाखला, आईवडिलांचं आधार, पासबुकाचं पहिलं पान, रेशनकार्ड आणि तहसीलदारांचा उत्पन्नाचा दाखला. दाखल्यासाठी आधी तलाठ्याकडे, मग सेतू किंवा महा-ई-सेवा केंद्रात जायचं. त्याची मुदत दाखल्यावरच छापलेली असते. जुना दाखला जोडला की अर्ज परत येतो.

आता ज्या घरातला कमावता माणूस गेला, त्या आईसाठी. हिला एका कार्यालयात सगळं मिळत नाही, हे आधी सांगते, म्हणजे पहिल्या खिडकीवरून परत येताना धीर सुटणार नाही.

मुलांसाठी बाल संगोपन योजना आहे, आता तिच्या नावात क्रांतिज्योती सावित्रीबाई फुले आहेत. एका मुलाला महिन्याला २,२५० रुपये, १८ वर्षांपर्यंत. अनाथ मुलं, विधवा, घटस्फोटित, टाकलेल्या बाईची मुलं, आई किंवा बाप दुर्धर आजारी किंवा तुरुंगात असलेली मुलं, सगळी यात येतात. अर्ज जिल्हा महिला व बाल विकास कार्यालयातल्या बाल संरक्षण कक्षात जातो, मंजुरी बाल कल्याण समिती देते. जन्मदाखला, शाळेचं बोनाफाइड, मृत्यूचा दाखला, उत्पन्नाचा दाखला, आधार, रेशनकार्ड, आणि घरासमोर आई-मुलांचा एकत्र फोटो. हा फोटो मी माझ्या मोबाइलवर किती जणींचा काढला असेल. पोरं शाळेचा गणवेश घालून उभी राहतात, पत्र्याच्या घराचं दार दिसलं पाहिजे म्हणून मी मागे सरकत जाते, आणि आई पदर नीट करते. नंतर गृहभेटीला माणूस येतो आणि समितीपुढे मुलासकट उभं राहावं लागतं. त्या दिवशी तुम्ही ऊसतोडीला असाल तर प्रकरण मागे पडतं. म्हणून हा अर्ज गुढीपाडव्यानंतर, परत आल्या आल्या करा, म्हणजे हातात पूर्ण उन्हाळा आणि पावसाळा राहतो. त्याच कक्षात मिशन वात्सल्य या केंद्र सरकारच्या योजनेतल्या प्रायोजकत्वाबद्दल, म्हणजे मुलाच्या दरमहा मदतीबद्दलही विचारा. तिथे महिन्याला ४,००० रुपये आहेत, खेड्यातल्या कुटुंबाची उत्पन्न मर्यादा वर्षाला ७२,०००. आपलं मूल कशात बसतं ते तिथेच ठरवून घ्या.

आईच्या स्वतःसाठी संजय गांधी निराधार अनुदान, महिन्याला १,५०० रुपये. हा अर्ज तहसीलमध्ये, उत्पन्न मर्यादा वर्षाला २१,०००. हे मिळत असेल तर लाडकी बहीणचे १,५०० मिळत नाहीत. दोन्हीकडे नाव ठेवलंत तर पुढे तपासणीत त्रास होईल, त्यापेक्षा आधीच सांगा. आणि घर दारिद्र्यरेषेच्या यादीत असेल, गेलेला कर्ता माणूस १८ ते ५९ वयाचा असेल, तर राष्ट्रीय कुटुंब लाभ योजनेतून २०,००० रुपये एकदाच मिळतात. तोही अर्ज तहसीलमध्येच, संजय गांधीच्या अर्जाबरोबरच द्या. मृत्यूच्या दाखल्याच्या पाच-सहा प्रती सुरुवातीलाच काढा. प्रत्येक खिडकीवर तो मागतात, आणि तो पुन्हा पुन्हा मागायला जाणं त्या बाईला जड जातं.

कुठलाही अर्ज द्या, पोच घ्या. तारीख आणि शिक्का असलेला कागद. तोंडी "या पुढच्या आठवड्यात" याला काही अर्थ नाही. दाखल्यांच्या बाबतीत २०१५ चा लोकसेवा हक्क अधिनियम आहे. उत्पन्नाच्या दाखल्याला १५ दिवसांची मुदत आहे, ती उलटली तर त्याच विभागात पहिलं अपील, मग दुसरं, आणि शेवटी आयोगाकडे जाता येतं. पण हातात पोच नसेल तर मुदत कुठून मोजणार? पोचचा मोबाइलवर फोटो काढून एक घरच्यांना, एक मला पाठवा.

मी एक वही ठेवली आहे. त्यात प्रत्येक आईचं आधारवरचं नाव, अर्ज क्रमांक, सीडिंग झालेली बँक, तळाचं गाव आणि चालू फोननंबर. तुमच्या गावच्या सेविकेकडे किंवा आशाताईकडे अशी नोंद करून ठेवा. तळ बदलला तर फोन करून सांगा, हप्ता अडला तर कुठे कळवायचं ते आम्हाला माहीत पाहिजे. आणि गाडी दारात उभी राहिल्यावर येऊ नका. निदान १५ दिवस आधी या, पिशवीतलं सगळं घेऊन, जे कामाचं नाही वाटत तेसुद्धा.