जनुकांतून विषाचा माग काढताना

माझ्या पहिल्या प्रयोगातली जनुकांची यादी तयार झाली तेव्हा मी ती छापूनच घेतली. एका रसायनाची जास्त मात्रा दिलेल्या उंदरांच्या यकृतात, काहीच न दिलेल्या म्हणजे कंट्रोलच्या उंदरांच्या तुलनेत, हजारावर जनुकांचं काम बदललेलं दिसत होतं. तो कागद घेऊन मी आमच्या पॅथॉलॉजिस्ट मॅडमकडे गेले. त्यांनी वरची आठ-दहा नावं वाचली, चष्मा काढला आणि विचारलं, "कंट्रोलचे उंदीर किती वाजता घेतलेस?"

"सकाळी नऊला सुरुवात केली, मॅडम. आधी कंट्रोल, मग कमी मात्रा, मग मधली."

"आणि जास्त मात्रेचे?"

"सगळ्यात शेवटी. दुपारचे दोन वाजून गेले होते."

त्यांनी पेन्सिलीनं चार नावांखाली रेघा ओढल्या. डीबीपी, पर२ आणि एनआर१डी१ वर गेलेली, बीमॅल१ खाली आलेलं. ही चारही शरीराच्या घड्याळाची जनुकं. रसायन दिलेलं असो वा नसो, यकृतात ती दिवसाच्या वेळेप्रमाणे चढतात आणि उतरतात. मी इतक्या मेहनतीनं जे मोजलं होतं, त्यातला बराचसा भाग सकाळ आणि दुपार यांच्यातला फरक होता.

टॉक्सिकोजीनोमिक्समध्ये, म्हणजे जनुकांवरून विषाचा परिणाम ओळखण्याच्या शास्त्रात, येऊ पाहणाऱ्यांना मी सर्वांत आधी हाच प्रसंग सांगते. १९९९च्या सुमारास, मायक्रोअ‍ॅरे (एकाच वेळी हजारो जनुकांचं काम मोजणारी चिप) हाताशी आल्यावर, हे नाव रूढ होऊ लागलं. त्यामागची कल्पना साधी आहे. सूक्ष्मदर्शकाखाली इजा दिसण्याच्या बरंच आधी पेशी आपल्या जनुकांचा कारभार बदलते. डायऑक्सिन हे विषारी प्रदूषक पेशीत शिरलं की एएच रिसेप्टर हे प्रथिन जागं होतं आणि सीवायपी१ए१ हे जनुक झपाट्यानं वर जातं. कॅडमियम आलं की मेटॅलोथायोनीन वाढतं, कारण हे प्रथिन त्या धातूला बांधून ठेवतं. डीएनएला इजा झाली की पी५३ या प्रथिनामार्फत पी२१ आणि एमडीएम२ ही जनुकं वर येतात. ऑक्सिडेटिव्ह ताण (ऑक्सिजनचे घातक रेणू साचणं) असला तर एनआरएफ२ या नियंत्रक प्रथिनाच्या हाताखालची एचएमओएक्स१, एनक्यूओ१ ही मंडळी कामाला लागतात. कोण कामाला लागलं ते पाहून पेशीवर काय गुदरलं असेल याचा अंदाज बांधायचा. याच विषयाची दुसरी शाखा डीएनएमध्ये कायमचे कोरले गेलेले ठसे वाचते. अ‍ॅफ्लाटॉक्सिन या बुरशीच्या विषामुळे झालेल्या यकृताच्या कर्करोगात पी५३ बनवणाऱ्या टीपी५३ जनुकाच्या २४९व्या कोडॉनवर (तीन अक्षरांच्या गटावर) नेमका ठरावीक बदल वारंवार सापडतो, तर अ‍ॅरिस्टोलोकिक आम्ल हे वनस्पतीतलं विष डीएनएच्या अक्षरांत ए-टीच्या जागी टी-ए अशी खूण मागे ठेवतं. माझं काम मात्र पहिल्या शाखेतलं, त्यामुळे पुढे तिच्याबद्दलच.

अडचण अशी की पेशी फक्त विषालाच उत्तर देत नाही. ती भुकेला उत्तर देते, वेळेला देते, हाताळणीला देते, शेजारची पेशी मेली तर त्यालाही देते. रसायनामुळे उंदराची भूक मंदावली आणि त्यानं दोन दिवस कमी खाल्लं, तर यकृत चरबी जाळायला लागतं आणि पीपीएआर-अल्फा या चरबी जाळण्याचं नियंत्रण करणाऱ्या प्रथिनाच्या ताब्यातली जनुकं वर येतात. ती पाहून "हे रसायन पीपीएआर-अल्फाला चेतवतं" असं लिहून मोकळं होणं फार सोपं आहे. म्हणून वजनाची आणि खाण्याची नोंदवही आरएनएच्या (जनुक काम करताना बनणाऱ्या रेणूच्या) आकड्यांइतकीच मन लावून वाचा. शंका आली तर कंट्रोलच्या एका गटाला तितकंच कमी खायला देऊन प्रयोग करावा लागतो. खर्च वाढतो, पण दुसरा प्रामाणिक रस्ता मला तरी सापडलेला नाही.

पेशींवरच्या प्रयोगांत हीच गोष्ट मात्रेच्या रूपानं समोर येते. नवीन मुलं जोरदार परिणाम दिसावा म्हणून मात्रा वाढवत नेतात. अर्ध्या पेशी मरायला टेकल्या की जनुकांचा पट सगळीकडूनच हलतो, आणि कोणतंही विष दिलं तरी चित्र जवळपास सारखंच दिसतं. तेव्हा आधी पेशी किती टक्के जिवंत राहतात याची चाचणी करा आणि जनुकांसाठीच्या मात्रा त्याच्या बऱ्याच खाली ठेवा. एकच मात्रा नको, पाच-सहा तरी हव्यात. कोणत्या मात्रेपासून जनुकं हलायला लागतात हा आकडा निर्णय घेणाऱ्यांच्या खरा उपयोगी पडतो, आणि तो काढायला बेंचमार्क डोसची पद्धत आहे. ती सुरुवातीलाच शिकून घ्या.

पेशी कोणत्या, हेही आधी विचारा. हेपजी२ ही यकृताच्या गाठीतून आलेली पेशीमालिका वाढवायला सोपी, म्हणून सगळीकडे वापरतात. पण पॅरासिटॅमॉलसारख्या औषधात विषारी असतो तो मूळ रेणू नव्हे, सीवायपी२ई१ सारखी एन्झाइम त्यापासून बनवतात तो एनएपीक्यूआय. हेपजी२ मध्ये ही एन्झाइम फारच कमी. मग पेशी शांत दिसतात आणि आपण औषध सुरक्षित समजून बसतो. हेपाआरजी ही दुसरी पेशीमालिका किंवा ताज्या यकृतपेशी यापेक्षा बऱ्या, पण ताज्या पेशीही डिशमध्ये ठेवल्या की यकृतपण भराभर विसरायला लागतात.

आकडेमोडीची भीती अनेकांना वाटते. मलाही वाटायची, आणि ती कमी झाली ती एका हिशेबानं. वीस हजार जनुकं तपासली आणि ०.०५ ची मर्यादा (म्हणजे निव्वळ योगायोगानं फरक दिसण्याची पाच टक्के मुभा) ठेवली, तर काहीही घडलेलं नसताना सुमारे एक हजार जनुकं "बदललेली" दिसतील. एफडीआरची, म्हणजे यादीतल्या खोट्या शोधांच्या प्रमाणाची, दुरुस्ती कशासाठी करायची, हे त्या दिवशी कळलं. आर ही संगणकभाषा, तिच्यातलं डीईसेक२ किंवा लिमा हे पॅकेज, आणि पीसीएचं (सारखे नमुने जवळ, वेगळे दूर दाखवणारं) चित्र वाचायची सवय, इतक्यावर सुरुवात नक्की होते. पीसीएमध्ये नमुने मात्रेप्रमाणे वेगळे न होता आरएनए काढल्याच्या तारखेप्रमाणे वेगळे झाले, तर पुढचं विश्लेषण तिथेच थांबवा. कंट्रोल सगळे सोमवारी आणि विष दिलेले सगळे मंगळवारी काढले असतील, तर कोणतंही सॉफ्टवेअर त्या दोन गोष्टी वेगळ्या करू शकत नाही. आणि एकाच फ्लास्कमधल्या पेशी प्लेटच्या तीन वेलमध्ये (खड्ड्यांमध्ये) ओतल्या म्हणजे तीन स्वतंत्र नमुने झाले, असं होत नाही.

सरावासाठी स्वतःचा प्रयोग असायलाच हवा असं नाही. जपानमधल्या प्रकल्पातून आलेला ओपन टीजी-गेट्स हा संच सर्वांना खुला आहे. त्यात सुमारे १७० रसायनं आहेत. एकदाच मात्रा दिलेल्या उंदरांचे नमुने ३, ६, ९ आणि २४ तासांनी घेतले आहेत, आणि सोबत रक्ताच्या तपासण्या आणि यकृताच्या स्लाइडही आहेत. माझ्याकडे शिकायला येणाऱ्यांना पहिल्या आठवड्यात मी रसायनांना हात लावू देत नाही. फक्त कंट्रोल घ्यायचे, आणि ३ तासांचे ९ तासांच्यांशी ताडून पाहायचे. काहीच न दिलेल्या उंदरांची "बदललेली" जनुकं स्वतःच्या डोळ्यांनी पाहिली की पुढे फार सांगावं लागत नाही. दुसऱ्या आठवड्यात फेनोबार्बिटल हे औषध, कारण त्यानं सीवायपी२बी वर जाणार हे आधीच माहीत असतं. ते दिसलं नाही तर चूक आपल्या कोडमध्ये आहे.

नोकऱ्या औषध कंपन्यांत, शेतीरसायनांच्या कंपन्यांत, चाचण्या करून देणाऱ्या प्रयोगशाळांत आणि नियामक संस्थांत असतात. कोड लिहिणारे पुष्कळ मिळतात. कोड लिहिता येतो आणि स्लाइडवर यकृताच्या लोब्यूलचा (यकृताच्या छोट्या घटकाचा) मध्यभाग कुठला, कडा कुठली हेही ओळखता येतं, अशी माणसं थोडी. म्हणून पॅथॉलॉजिस्टशेजारी बसायला मिळालं तर ती संधी सोडू नका. माझ्या मते एखाद्या नव्या सॉफ्टवेअरच्या कोर्सपेक्षा ते महिने जास्त मोलाचे.

माझा तो प्रयोग पुन्हा केला. या वेळी प्रत्येक गटातला एकेक उंदीर आळीपाळीनं घेतला, सगळं अकराच्या आत आटोपलं, आणि नोंदवहीत प्रत्येकासमोर वेळ लिहिली. यादी पुष्कळच आखूड झाली. घड्याळाची जनुकं गळून गेली. उरली त्यांत एचएमओएक्स१, एनक्यूओ१ आणि ग्लुटाथायोन हा पेशीचा रक्षक रेणू बनवणाऱ्या वाटेवरचं जीसीएलसी होतं. कागद घेऊन पुन्हा मॅडमकडे गेले. त्यांनी न बोलता जास्त मात्रेची स्लाइड सूक्ष्मदर्शकाखाली लावली आणि खुर्ची माझ्याकडे सरकवली. मध्यवर्ती शिरेभोवतीच्या पेशी फुगलेल्या होत्या, फिकट, आणि कडेच्या पेशी अगदी नीट.