जुनं फुटेज वापरून फिल्म करताय? आधी एवढं उरका

हार्ड डिस्क, बॅकअप वगैरे सांगत बसत नाही. आधी सोर्स टाइमकोड, म्हणजे मूळ रिळात तो तुकडा कुठल्या मिनिट-सेकंद-फ्रेमला आहे ते. कुठलीही क्लिप टाइमलाइनवर टाकायच्या आधी एक्सेलमध्ये रीळ नंबर, आर्काइव्हनं (जुन्या फिल्म जपणाऱ्या संस्थेनं) दिलेलं फाइलचं मूळ नाव, इन आणि आउट (तुकडा कुठे सुरू, कुठे संपतो) लिहा, लगेच लिहा. मागच्या वेळी मी वॉटरमार्कवाल्या प्रीव्ह्यूंना, म्हणजे बघण्यापुरत्या मिळालेल्या कॉप्यांना, 'पूर भारी', 'पूर भारी नवीन' असली नावं देऊन एडिट लॉक केला, म्हणजे कापाकापी पक्की केली, आणि मास्टर (पूर्ण दर्जाची फाइल) मागवताना कुठला तुकडा कुठल्या रिळातला हेच सापडेना. फाइलचं नाव बदलू नका. अजिबात.

मग हक्क. समजा पानशेत धरण फुटून पुण्यात आलेल्या पुरावर करताय, 12 जुलै 1961. आपल्याकडे फिल्मचा कॉपीराइट ती प्रदर्शित झाल्याच्या पुढच्या वर्षापासून 60 वर्षं, म्हणजे त्याच वर्षी दाखवलेली न्यूजरील 2021 संपताना मोकळी झाली. पण मोकळी म्हणजे फुकट नाही, रीळ ज्याच्या ताब्यात तो स्कॅनिंगचे पैसे घेणारच, आणि मागच्या संगीताचा हिशोब वेगळा, तिथे संगीतकाराच्या मृत्यूनंतर 60 वर्षं मोजायची. फिल्म्स डिव्हिजन (सरकारी न्यूजरील-माहितीपट बनवणारी संस्था) आणि पुण्याचं फिल्म आर्काइव्ह 2022 मध्ये एनएफडीसीत, म्हणजे सरकारच्या चित्रपट महामंडळात, गेलं, त्यामुळे मित्राकडचा जुना अर्ज कॉपी करू नका, आता कुणाला लिहायचं ते फोन करून विचारा. लायसन्स घेताना ओटीटी, टीव्ही, देश, किती वर्षं हे सगळं आधीच बोला, फक्त फेस्टिव्हलचं स्वस्तात घेतलं की नंतर रडायची पाळी येते. आणि दर बहुतेक वेळा सेकंदावर किंवा मिनिटावर असतो, म्हणजे परत टाइमकोड! लिहिलात ना?

निवेदनात 'पाणी चढलं' आलं की पाण्याचा शॉट डकवायचा, हे बातम्यांत ठीक आहे. फिल्ममध्ये रश (न कापलेलं सगळं शूटिंग) पूर्ण बघा, कापाकापीत जाणारं बघा. समजा एखादा माणूस डोक्यावर ट्रंक घेऊन चाललाय आणि मध्येच कॅमेऱ्याकडे बघतो, एडिटर तेवढंच उडवतो, तुम्ही तिथेच थांबा. शॉट कमी पडले म्हणून दुसऱ्या पुराचे लावू नका, लकडी पुलाच्या कठड्यावरून साल सांगणारे आजोबा पुण्यात अजून आहेत. आवाजाचंही आधीच ठरवा, न्यूजरीलचं बरंचसं शूटिंग आवाजाशिवाय व्हायचं आणि आवाज नंतर चढवायचे, तेव्हा पाण्याचा आवाज आपण घालायचा की शांत ठेवायचं हे साऊंडवाल्याला शेवटच्या आठवड्यात सांगू नका.

फ्रेम रेट (सेकंदाला किती फ्रेम) पण त्याच एक्सेल शीटमध्ये. प्रीव्ह्यू 25 ची आणि मास्टर 24 चा आला की टाइमकोड सरकतो, मग बसा जुळवत. चित्राचा आकार 4:3 आहे तो 4:3 च राहू दे, झूम करून डोकी छाटू नका, ताणून तर नकोच.

डीइंटरलेस (व्हिडिओतल्या आडव्या रेघा काढणं), ग्रेड (रंग-उजेड जुळवणं), सबटायटल नेहमीचंच. आर्काइव्हचं क्रेडिट करारात जसं आहे तस्संच टाका, काना-मात्रेसकट.