घरच्या मोठ्या संग्रहासाठी हार्ड डिस्क घेताय? या चुका टाळा

फोटो, व्हिडिओ आणि गाण्यांचा पसारा दोन-तीन टीबीच्या पुढे गेला की बहुतेक जण एक मोठी हार्ड डिस्क घेतात, सगळं तिच्यात टाकतात आणि जागा हवी म्हणून कॅमेऱ्याचं कार्ड नि जुना लॅपटॉप रिकामा करतात. सगळ्यात महागात पडणारी चूक हीच. याला बॅकअप म्हणत नाहीत, डेटाने नुसतं घर बदललं. खिशाला मर्यादा असेल तर एका महागड्या डिस्कऐवजी दोन साध्या घ्या. दुसरी फक्त कॉपी करताना जोडा आणि मग काढून वेगळ्या जागी, जमलं तर दुसऱ्या घरात ठेवा.

नासमध्ये, म्हणजे घरच्या नेटवर्कला जोडलेल्या डिस्कच्या पेटीत, दोन डिस्क बसवून रेड १ केलं, म्हणजे दोन्हींवर एकच डेटा एकाच वेळी लिहायची सोय केली, की काहींचा जीव भांड्यात पडतो. रेडचं काम एवढंच, की एक डिस्क गेली तरी दुसरीवर गाडी चालू राहते. फोल्डर चुकून डिलीट झाला किंवा रॅन्समवेअर (फायली कुलूपबंद करून खंडणी मागणारं सॉफ्टवेअर) शिरलं, तर तोच घोळ त्याच क्षणी दोन्ही डिस्कवर होतो.

खरेदी करताना टीबी आणि किंमत एवढंच बघू नका, डिस्क सीएमआर आहे की एसएमआर, म्हणजे तिच्यावर डेटा लिहायची पद्धत कोणती, हेही बघा. सीएमआरमध्ये डेटाचे ट्रॅक (गोल पट्टे) शेजारीशेजारी असतात, एसएमआरमध्ये ते कौलांसारखे एकमेकांवर थोडे चढवलेले असतात. त्यामुळे कमी खर्चात जास्त जागा मिळते, पण आधी लिहिलेल्या भागात काही बदलायचं तर शेजारचे ट्रॅकही पुन्हा लिहावे लागतात. मोठी कॉपी सुरुवातीला झपाट्याने जाते आणि थोड्या वेळाने अचानक रांगायला लागते, तेव्हा लोक डिस्क बिघडली असं समजतात. बरेचदा तिची राखीव जागा भरलेली असते, इतकंच. एकदा भरून ठेवायच्या संग्रहाला एसएमआर चालते. रेडसाठी मात्र सीएमआरच घ्या.

एसएसडी वेगवान असते खरी, पण वर्षानुवर्षं कपाटात पडून राहणाऱ्या संग्रहासाठी ती नको. वीज न मिळता फार काळ राहिली तर तिच्यातला चार्ज हळूहळू ओसरतो. आणि कवडीमोलाने मिळणारा १६ टीबीचा पेनड्राइव्ह खोटाच असतो. तो क्षमता फुगवून दाखवतो आणि खरी जागा संपली की पुढच्या फायली गमावतो. नवी डिस्क किंवा ड्राइव्ह भरण्याआधी एच२टेस्टडब्ल्यू किंवा एफ३ या खरी क्षमता तपासणाऱ्या सॉफ्टवेअरने पूर्ण तपासा. ४ टीबीची डिस्क विंडोजमध्ये ३.६३ दिसते ती फसवणूक नाही, मोजण्याची पद्धत वेगळी आहे.

आता बिघाडाकडे. डिस्क दिसतच नसेल तर आधी केबल, पोर्ट आणि अॅडॉप्टर बदलून बघा. विंडोजने ‘फॉरमॅट करायचं का’ विचारलं तर घाईत ‘हो’ म्हणू नका. क्रिस्टलडिस्कइन्फो या सॉफ्टवेअरमध्ये स्मार्टचे, म्हणजे डिस्कने स्वतःच्या तब्येतीची ठेवलेल्या नोंदींचे, आकडे दिसतात. त्यात ५, १९७ आणि १९८ या क्रमांकांच्या नोंदींची ‘रॉ व्हॅल्यूज’ रकान्यातली मूल्यं शून्य नसतील, तर डिस्कवरचे सेक्टर (डेटा साठवायचे छोटे कप्पे) खराब होत आहेत असं समजा. आकडा वाढत असेल तर त्याच दिवशी कॉपी काढा. १९९ वाढत असेल तर दोष बहुधा केबलचा असतो, ती बदलली की वाढ थांबते. डिस्क टकटक वाजत असेल तर लगेच बंद करा. पुन्हापुन्हा चालू करून बघण्यानेच उरलेला डेटा हातचा जातो. सेक्टर खराब झालेल्या डिस्कवर आधी चेकडिस्क, म्हणजे विंडोजचं डिस्क दुरुस्तीचं साधन, चालवणंही धोक्याचं. जे वाचता येतंय ते डीडीरेस्क्यू या डेटा वाचवणाऱ्या सॉफ्टवेअरने दुसऱ्या डिस्कवर उतरवा, दुरुस्ती त्या प्रतीवर करा.

बॅकअप घेतला आणि कधी उघडून बघितलाच नाही, असंही सर्रास होतं. अधूनमधून त्यातले चार-दोन व्हिडिओ शेवटपर्यंत चालवून बघा. शक्य असेल तर फायलींचे चेकसम (फाइलमधल्या डेटावरून काढलेला, तिच्या ठशासारखा आकडा) जपून ठेवा, म्हणजे गुपचूप खराब झालेली फाइलही सापडते.

क्लाउडवर सगळंच टाकायचा विचार असेल तर आधी वेळेचा हिशोब करा. १०० एमबीपीएसच्या जोडणीवर ४ टीबी परत उतरवायला, वेग एकदाही न घसरता, जवळपास पावणेचार दिवस लागतात, आणि घरगुती जोडणीचा अपलोड वेग बहुधा त्याहून कमी. म्हणून तिथे स्वतः काढलेले फोटो, घरातले व्हिडिओ आणि स्कॅन केलेली कागदपत्रं ठेवा. पुन्हा मिळू शकणारे सिनेमे दोन डिस्कवर असले तरी पुरे.