रानात मीठ फुटलंय? जिप्समचं पोतं आणायच्या आधी हे बघा

वाळवा, पलूस, मिरज, शिरोळ ह्या कृष्णाकाठच्या पट्ट्यात मार्च-एप्रिलला रस्त्यानं जाताना बघा, हिरव्यागार उसाच्या मधेच एखादं टक्कल पडलेलं रान दिसतं, वर पांढरं पीठ सांडल्यागत. कागदावर त्याला क्षारपड म्हणतात, म्हातारी माणसं नुसतं "मीठ फुटलंय" म्हणतात. जत-आटपाडीकडच्या लोकांच्या पिढ्या पाण्याची वाट बघण्यात गेल्या आणि आपलं रान पाणी जास्त झालं म्हणून गेलं, काय बोलणार.

मी ह्यात हात पोळून घेतलाय म्हणून लिहितोय. आमची ओढ्याकडची दीड एकराची पट्टी, खोडवा (तोडलेल्या उसाच्या बुडख्यातनं परत येणारं पीक) फुटेना, मधे मधे चट्टे पडायला लागले, दुकानदार म्हणाला जिप्सम (कॅल्शियम असलेलं खनिज, पांढरी भुकटी) टाका, टाकलं, चांगलं दोन टन, पाऊसपण बरा झाला, आणि पुढच्या उन्हाळ्यात परत पांढरं. नंतर डोक्यात प्रकाश पडला की रानातनं पाणी बाहेर जायला वाटच नव्हती, मग मीठ जाणार कुठं? तर आधी पाण्याची वाट, मग पोतं. हा क्रम उलटा केला की पैसे मातीत, ते पण खाऱ्या मातीत.

हे मीठ येतं कुठनं

थोडं मातीत मुळातच असतं, आपला काळा दगड झिजून ही माती झालीय, त्यात सोडियम, कॅल्शियम, मॅग्नेशियम सगळं आहे. बाकीचं आपण मोटर चालू करून आणतो. हिशोब करून बघा, पाण्याचा ईसी (क्षार किती आहेत ते सांगणारं माप, डेसिसायमन प्रति मीटरमधे) १ असेल तर एका लिटरमागं साधारण ६४० मिलिग्रॅम क्षार. एक एकरावर एक इंच पाणी म्हणजे एक लाख लिटरच्या वर, म्हणजे एकेका इंचाला ६५ किलो क्षार रानात. उसाला पाटानं वर्षभरात ८० इंच दिलं तर पाच टनाच्या वर झालं की! नदीचं पाणी ह्यापेक्षा पुष्कळ गोड असतं, पण ओढ्याकडच्या विहिरी आणि बोअरचा ईसी २ किंवा त्याच्यापण वर निघतो. मग पाच टनाचे दहा होतात. पाणी हवेत उडून जातं, थोडं ऊस पितो, मीठ मात्र तिथंच.

आता हेच मीठ पाण्याबरोबर खाली निघून गेलं असतं तर काही बिघडत नव्हतं. पण आपली माती भारी, चिकण, पाणी मुरायला वेळ लावणारी, त्यात पाणीपट्टी एकरावर, त्यामुळं रात्री मोटर चालू करून झोपलं तरी बिल तेवढंच, आणि वरनं गावातले ओढे-नाले, बांधाकडचे जुने चर लोकांनी बुजवून त्यात पण ऊस लावला. झालं. खालची पाणीपातळी वर वर येत जाते आणि पाच-सहा फुटाच्या आत आली की कंदिलाच्या वातीतनं रॉकेल चढावं तसं पाणी मातीच्या बारीक छिद्रातनं वर चढतं, उन्हानं उडतं, मीठ वर राहतं. पाऊस जास्त तिथं हे धुतलं जातं, आपल्याकडं तेवढा पाऊस नाही.

हे काही आत्ताचं नाही बरं का. बारामतीकडं नीरा डावा कालवा १८८५ च्या सुमाराला सुरू झाला आणि पुढं इंग्रजांच्याच काळात तिथली बागायत रानं पाणथळ आणि खारवट व्हायला लागली होती, तेव्हा पण उपाय चर काढणं हाच निघाला होता. कोकणातल्या खार जमिनीचं प्रकरण वेगळं, तिथं समुद्राचं पाणीच आत येतं, त्यासाठी पनवेलला खारभूमी संशोधन केंद्र आहे, पनवेल १, २, ३ अशा भाताच्या जाती त्यांनी काढल्यात. ते इथं नको.

पिकाला नेमकं काय होतं

पहिलं म्हणजे पाणी असून तहान. मातीतल्या पाण्यात मीठ जास्त झालं की मुळाला ते ओढायला जोर लागतो, म्हणून सरीत ओल असून पण दुपारी पीक माना टाकतं, आणि आपण काय करतो, अजून एक पाणी देतो! दुसरं, सोडियम आणि क्लोराइड पानात जाऊन साठतात, पान शेंड्याकडनं आणि कडेनं करपत येतं. उसाचे डोळे नीट उगवत नाहीत, कांडी आखूड, फुटवे कमी. आणि असल्या रानातला ऊस गुऱ्हाळावर नेला की गूळ खारट होतो, नीट बसत नाही, गुळव्या लगेच ओळखतो.

सगळ्या पिकांची सहन करायची ताकद सारखी नसते. ऊस आणि मका मातीचा ईसी १.७ च्या वर गेला की उत्पन्न सोडायला लागतात, कांदा १.२ लाच, द्राक्ष दीडला. सोयाबीन ५ पर्यंत बऱ्यापैकी तग धरतं, गहू ६, शुगरबीट ७, कापूस जवळजवळ पावणेआठ. म्हणजे ऊस हा काटक आहे म्हणतात ते मिठाच्या बाबतीत काही खरं नाही.

खारवट का चोपण, हे आधी ठरवा

सगळा घोळ इथं होतो. दोन्ही रानं खराब, पण औषध वेगळं.

खारवट म्हणजे विरघळणारे क्षार जास्त, सामू (पीएच) ८.५ च्या आत, वर पांढरं, पण माती भुसभुशीत, पायाखाली फुगल्यासारखी लागते. चोपण म्हणजे सोडियम मातीच्या कणालाच चिकटून बसलाय, सामू ८.५ च्या वर. ओलं असलं की लोण्यासारखं, वाळलं की दगड, नांगराला डिखळं निघतात ती फुटता फुटत नाहीत, पाणी वर डबक्यासारखं आठ-आठ दिवस उभं, वापसाच (मशागतीजोगी ओल) येत नाही. कधी वर काळपट तेलकट थर दिसतो, ते मातीतलं सेंद्रिय विरघळून वर आलेलं असतं. पुष्कळ ठिकाणी दोन्ही एकत्र असतं.

घरी एक टेस्ट करा, फुकट आहे. काचेच्या ग्लासात पावसाचं पाणी घ्या (नाहीतर बॅटरीत घालायचं डिस्टिल), त्यात वाळलेल्या मातीचा हरभऱ्याएवढा खडा अलगद सोडा आणि हलवू नका. एक रात्र जाऊ द्या. खड्याभोवती दुधाळ ढग पसरला आणि पाणी गढूळच राहिलं तर चोपण. खडा नुसता विरघळून खाली बसला, वरचं पाणी नितळ, तर निव्वळ चोपण नाही, पण दोन्ही एकत्र असलं तरी असंच दिसू शकतं. बोअरच्या पाण्यात ही टेस्ट करू नका, त्यातल्या क्षारानं गाळ खाली बसतो आणि उत्तर चुकतं, मी पहिल्यांदा तेच केलं होतं.

मग माती परीक्षण. नमुना नेहमीसारखा एकच वीतभर खोलीचा घेऊ नका, पहिला फूट, दुसरा, तिसरा असे वेगवेगळे घ्या, आणि चांगल्या जागेचा वेगळा, चट्ट्याचा वेगळा. पांढरा थर आधी खरवडून बाजूला करा. रिपोर्टमधे ईसी, सामू, विनिमययुक्त (म्हणजे कणाला चिकटलेल्या) सोडियमचं प्रमाण, चुनखडी आणि जिप्समची गरज हे पाचही मागा. खारवटची खूण ईसी ४ च्या वर, चोपणची खूण सोडियमचं प्रमाण १५ टक्क्याच्या वर. फक्त एक लक्षात ठेवा, हा ४ चा आकडा आणि वर पिकांचे दिलेले आकडे संपृक्त अर्काचे (माती पाण्यानं पुरती भिजवून तिच्यातनं ओढून काढलेल्या पाण्याचे) आहेत, साध्या कार्डवर एक भाग मातीला अडीच भाग पाण्यात मोजलेला ईसी असतो, तो बराच कमी दिसतो, तिथं १ च्या वर गेला की सावध व्हायचं. "माझा तर दीडच आहे" म्हणून निवांत बसलेले लोक मी बघितलेत. सांगलीजवळ कसबे डिग्रजला कृषी संशोधन केंद्र आहे, तिथं ह्याच रानांवर काम चालतं, एकदा रिपोर्ट घेऊन जाऊन या.

पाणी किती खाली आहे ते बघा

सहा-सात फूट लांब पीव्हीसी पाईप, खालच्या अर्ध्या भागाला भोकं पाडून त्यावर नायलॉनचं कापड गुंडाळायचं, हँड ऑगरनं भोक मारून रानात उभा पुरायचा, वर टोपण. महिन्यातनं एकदा दोरीला नट बांधून आत सोडायचा, डुबुक आवाज आला की दोरी मोजायची. वर्षभर लिहून ठेवा. तीन-चार फुटावर पाणी असेल तर निचरा केल्याशिवाय दुसरं काहीही करू नका. लोक ड्रोननं फवारणी करतात पण हे दोन-तीनशे रुपयाचं काम कुणी करत नाही.

निचरा

सगळ्यात स्वस्त म्हणजे उघडा चर, चार-पाच फूट खोल, रानाच्या खालच्या अंगाला, ओढ्यापर्यंत. जागा जाते, पाणकणीस माजतं, दरवर्षी साफ करावा लागतो. चिकण मातीत मोल निचरा पण चालतो, ट्रॅक्टरमागं बंदुकीच्या गोळीसारखा लोखंडी तुकडा दीड-दोन फूट खोलीवर ओढत न्यायचा, मातीतच बोगदा तयार होतो, पण दोन-तीन वर्षात बसतो.

टिकाऊ काम म्हणजे जमिनीखालचा सच्छिद्र पाईप. ८० मिलिमीटरचे नालीदार पाईप, त्यावर फिल्टरचं कापड, साडेतीन-चार फूट खोल, भारी रानात दोन ओळीत २० ते ३० मीटर अंतर, उताराला धरून मोठ्या पाईपला जोडायचे आणि तो ओढ्यात सोडायचा. फिल्टरशिवाय टाकू नका, गाळानं भरतो. लेव्हल मशीन लावूनच टाका, नजरेनं उतार धरणारा कितीही अनुभवी असला तरी.

आणि खरी अडचण पाईपची नाहीच, शेजाऱ्याची आहे. तुमचं पाणी ओढ्याला न्यायचं तर मधे दोन-तीन जणांची रानं लागतात. एकट्यानं केलं तर वरच्याचं पाणी तुमच्यात येतच राहतं. म्हणून गटानं करा. शिरोळमधे दत्त साखर कारखान्याच्या पुढाकारानं शेतकऱ्यांनी एकत्र येऊन असं काम मोठ्या क्षेत्रावर केलंय, एकदा जाऊन प्रत्यक्ष बघा, ऐकण्यापेक्षा बरं.

मग धुणं, आणि जिप्सम

रान नुसतं खारवट असेल तर जिप्समची गरजच नाही. निचरा झाल्यावर बांध घालून वाफे करा आणि पावसाचं पाणी मुरवा. ठोकताळा असा की एक फूट मातीतनं एक फूट पाणी खाली गेलं की साधारण ८० टक्के क्षार जातात. सलग तळं करून ठेवण्यापेक्षा भरा, मुरू द्या, परत भरा, त्यात कमी पाण्यात जास्त काम होतं.

चोपणाला जिप्सम. त्यातलं कॅल्शियम सोडियमला कणावरनं ढकलून बाहेर काढतं आणि ते पाण्याबरोबर निघून जातं. मात्रा रिपोर्टप्रमाणे, दुकानदाराप्रमाणे नाही. उन्हाळ्याच्या शेवटी पसरून वरच्या चार-सहा इंचातच मिसळा, खोल नांगरून गाडू नका, आणि एक टन विरघळायला चार लाख लिटरच्या आसपास पाणी लागतं, म्हणजे एकरी चार इंच, तेव्हा टाकून लगेच पिकाची घाई नको. मातीवर पातळ ॲसिड टाकल्यावर फसफसलं म्हणजे चुनखडी आहे, मग गंधक चालतं, हळू काम करतं पण करतं. जोडीला शेणखत किंवा कारखान्याची मळी (प्रेसमड). आणि धैंचा (हिरवळीच्या खताचं पीक), एकरी १५-२० किलो बी, ४५-५० दिवसात फुलायच्या आधी गाडायचा. ताग असल्या रानात येत नाही, उगाच बी वाया घालवू नका.

रोजच्या कामातल्या गोष्टी

वरंब्याच्या डोक्यावर काही लावू नका, मीठ चढून तिथंच बसतं, रोप बगलेला लावा. ठिबक असेल तर ओलाव्याच्या कडेला मिठाचं कडं तयार होतं, आणि वळवाची हलकी सर आली की तेच विरघळून मुळात येतं, म्हणून तसल्या पावसात ठिबक चालूच ठेवायचं, लोक येडा म्हणतील, म्हणू द्या. पाचट जाळू नका, आच्छादन असलं की पाणी कमी उडतं. युरियाऐवजी अमोनियम सल्फेट, डीएपीऐवजी सिंगल सुपर, पांढऱ्या-लाल पोटॅशमधे क्लोराइड असतं म्हणून सल्फेट ऑफ पोटॅश. झिंक आणि फेरस सल्फेट शेणखतात मुरवून द्या, नाहीतर जास्त सामूला ते पिकाला मिळतच नाही. उसाच्या जातीत को ८६०३२ पेक्षा फुले २६५ असल्या रानात बरा येतो. पण पहिली दोन वर्षं ऊस नकोच, गहू, सोयाबीन घ्या.

आमच्या पट्टीत शेवटी तिघांनी मिळून पाईप टाकला. पहिल्या पावसाळ्यात पाईपच्या तोंडातनं जे पाणी आलं ते जिभेला लावलं तर खारट-तुरट, दुसऱ्या वर्षी चव कमी, आता तिसऱ्या वर्षी सोयाबीन सगळीकडं एकसारखं उभं आहे, फक्त बांधाकडला एक चट्टा अजून हटत नाही. आणि हो, पाईपच्या ओढ्याकडच्या तोंडाला जाळी बसवा, आमच्यात पहिल्याच हिवाळ्यात खेकडे आत शिरले होते आणि पाणी तुंबून परत वर आलं होतं.